पहिल्या पानावर पेन्सिलीने लिहिलेलं नाव

नमस्कार,

तुमची प्रतिक्रिया परवा रात्री वाचली आणि खरं सांगायचं तर डोकं तापलं. म्हणून कालचा दिवस तसाच जाऊ दिला. आज शांतपणे लिहितेय.

बाकीच्यांसाठी आधी थोडक्यात. मागच्या महिन्यात मी हॉली जॅक्सन यांच्या ‘अ गुड गर्ल्स गाइड टू मर्डर’ या कादंबरीवर लिहिलं होतं. त्यावर इंग्लंडातल्या हाय विकमहून एका आईंनी तीन तक्रारी केल्या आहेत. माझ्या लेखातल्या एका वाक्यामुळे त्यांच्या चौदा वर्षांच्या लेकीला निम्म्यातच खुनी कळला आणि तिने पुस्तक बाजूला टाकलं, ही पहिली. मुलांच्या पुस्तकाला मी मोठ्यांची फूटपट्टी लावली, ही दुसरी. आणि ज्याच्यावर खुनाचा शिक्का बसलाय तो मुलगा भारतीय वंशाचा आहे, त्याबद्दल मी अवाक्षर काढलं नाही, ही तिसरी. जाता जाता ‘तुम्हाला नावं ठेवायची हौस दिसते’ असा चिमटाही आहे. त्याचं उत्तर देत नाही, कारण हौस आहेच.

पहिल्या तक्रारीवर मला बाजूच नाही. चुकलं. ते वाक्य त्याच रात्री काढून टाकलं. त्यात काय होतं ते इथे सांगत बसले तर तोच गुन्हा दुसऱ्यांदा होईल.

मी एकोणीस वर्षं वाचनालय चालवते. रहस्यकथांच्या जुन्या प्रती ज्यांनी हाताळल्या असतील त्यांना हे माहीत असेल: अर्नाळकर घ्या, गुरुनाथ नाईक घ्या, शिरवळकर घ्या, पहिल्याच पानावर कोपऱ्यात पेन्सिलीने बारीक अक्षरात ‘खुनी – मामा’ असं काहीतरी लिहिलेलं सापडायचं. आमच्याकडे एक निवृत्त काका हे काम इमानेइतबारे करायचे. अक्षर इतकं सुबक की पकडले गेले. मी त्यांना दोन रुपये दंड लावला होता आणि वर ऐकवलं होतं, ‘काका, तुमचा आनंद झाला, आता दुसऱ्याचा का मारता?’ खोडरबर अजून माझ्या टेबलाच्या खणात असतो. तर, त्या काकांनी एका प्रतीत जे केलं ते मी सगळ्या जगासमोर केलं, आणि दंड लावायला कुणी नव्हतं. तुम्ही लावलात.

हे झालं कसं, याचा मात्र विचार केला. मी कथानक सांगितलं नव्हतं, कुणाचं नावही घेतलं नव्हतं. मी एका साध्याशा प्रसंगाचं जरा जास्त कौतुक केलं होतं. पहिल्या वाचनात त्या प्रसंगाकडे कुणी ढुंकूनही बघत नाही. शेवट कळल्यावर मागे वळून बघितलं की तो भारी वाटतो. शेवट डोक्यात ठेवून लिहायला बसलं की हात आपोआप तिकडे जातो. तुमच्या लेकीने मग सरळ हिशोब केला: एवढ्याशा प्रसंगाची ही बाई एवढी स्तुती का करतेय? हुशार आहे पोरगी. पुस्तकात खुनाचा शोध घेणाऱ्या पिपला मदतनीस म्हणून शोभली असती.

आता फूटपट्टी. इथे मात्र मी जागची हलणार नाही.

ज्यांनी पुस्तक वाचलेलं नाही त्यांना एवढं सांगायला हरकत नाही, कारण हे सगळं सुरुवातीलाच येतं. बकिंगहमशरमधलं लिटल किल्टन नावाचं काल्पनिक गाव. (अमेरिकन आवृत्तीत गाव उचलून कनेटिकटमध्ये नेलंय आणि त्याचं नाव फेअरव्ह्यू केलंय. माझ्याकडची प्रत ब्रिटिश आहे.) 2012 च्या एप्रिलमध्ये अँडी बेल ही सतरा वर्षांची मुलगी नाहीशी होते. थोड्याच दिवसांत तिचा मित्र साल सिंग वडिलांना कबुलीचा मेसेज पाठवतो आणि जंगलात मेलेला सापडतो. अँडीचं प्रेत मात्र सापडत नाही. पोलिसांच्या लेखी विषय संपला, गावाच्या लेखीही. पाच वर्षांनी पिप फिट्झ-अमोबी ही बारावीच्या वयाची अभ्यासू मुलगी शाळेच्या प्रकल्पासाठी हाच विषय निवडते, कारण सालने हे केलं असेल असं तिला पटत नाही.

हा प्रकल्प लेखिकेच्या मनचा नाही. इंग्लंडात ईपीक्यू म्हणजे एक्स्टेंडेड प्रोजेक्ट क्वालिफिकेशन खरोखर असतं, अर्ध्या ए-लेव्हलच्या (ए-लेव्हल म्हणजे तिकडची बारावीच्या तोलाची परीक्षा) तोलाचं. तुम्ही तिथेच राहता, तुम्हाला मी काय सांगणार. पण आपल्याकडच्या वाचकांसाठी: त्यात विद्यार्थ्याला विषय स्वतः निवडावा लागतो आणि काम कसकसं पुढे गेलं, कुठे अडलं, मत कधी बदललं याची नोंदवही ठेवावी लागते. तिला प्रॉडक्शन लॉग म्हणतात. अकरावी-बारावीला पर्यावरणाच्या प्रकल्पाची तयार वही स्टेशनरीच्या दुकानातून आणून नुसतं वरचं नाव बदललेल्या आपल्यासारख्यांना हे वाचताना जरा शरमल्यासारखं होतं.

जॅक्सन यांनी या कंटाळवाण्या सरकारी थाटाच्या नोंदवहीचं जे केलंय ते मला पुस्तकातलं सगळ्यात आवडलं. एक प्रकरण साधं गोष्टीसारखं, मग नोंद, मग मुलाखत जशी ध्वनिमुद्रित झाली तशी, मग संशयितांची यादी. ती यादी दर थोड्या पानांनी परत येते, लांबलेली. पिपला जे कळलं ते त्याच नोंदीत आपल्याला कळतं. ती चुकते तेव्हा चूकही लिहून ठेवते आणि आपण तिच्याबरोबर चुकतो. कोऱ्या वहीत आपली स्वतःची यादी करावीशी वाटते. आमच्या वाचनालयातल्या एका नववीतल्या मुलीने खरंच केली होती. पुस्तक परत आलं तेव्हा तारखेच्या चिठ्ठीमागे पाच नावं होती, चार खोडलेली. पाचवंही चूक होतं. तिला सांगितलं नाही, तिनेच हसून सांगितलं.

म्हणजे मी पुस्तक आवडीने वाचलंय, एवढं आधी मान्य करा. खटकलं ते शेवटाकडचं. दोनतृतीयांश पुस्तकभर पिप कागद, फोटो, फोनमधले मेसेज यांवरून एकेक गोष्ट शोधून काढते, आणि शेवटी जे कळायचं ते बरंचसं कबुलीजबाबातून कळतं. माणूस समोर बसतो आणि का, कधी, कसं हे पाठ केल्यासारखं सांगत सुटतो. पिप ऐकते. जी मुलगी इतका वेळ डोकं चालवत होती तिला लेखिकेने शेवटच्या तासाला बाकावर बसवलं, असं मी लिहिलं होतं आणि अजूनही तेच म्हणेन.

यावर तुमचं म्हणणं, ‘पंधरा वर्षांच्या मुलांना एवढं काय कळतंय.’ ताई, त्यांनाच कळतं! मोठी माणसं झोपताना दोन पानं वाचतात आणि मधलं विसरतात. पोरं एका दमात वाचतात, त्यांना सातव्या प्रकरणातली वेळ तिसाव्या प्रकरणात आठवते. रोनाल्ड नॉक्स या इंग्लिश धर्मगुरूने 1929 मध्ये रहस्यकथेचे दहा नियम लिहून ठेवले. पहिला नियम असा की गुन्हेगाराची गाठ वाचकाला सुरुवातीच्या भागातच पडली पाहिजे. हेराला मिळालेला सुगावा वाचकापासून दडवायचा नाही, असाही एक आहे. वाचकाचं वय अमुक असल्यास सूट, असा अकरावा नियम काही त्यांनी लिहिला नाही. जॅक्सन यांचं पुस्तक या दोन्ही नियमांना बऱ्यापैकी उतरतं, म्हणून तर तुमच्या लेकीला खुनी ओळखता आला. नुसत्या माझ्या आगाऊपणाने नसता आला.

मुलांसाठी लिहिताना वेगळं बंधन असतं ते विषयाचं. सत्यजित राय ‘संदेश’ या मुलांच्या मासिकात फेलूदा या हेराच्या कथा लिहीत. कोवळे वाचक म्हणून त्यांना मोठ्यांच्या प्रेमभानगडी, वासनेतून झालेले खून हे सगळं बाहेर ठेवावं लागे, आणि त्यामुळे रहस्य रचणं अवघड होतं असं त्यांनी म्हटलं आहे. अशोक जैनांच्या अनुवादात आपण ते मराठीत वाचलं. कुठेही ‘मुलांचं आहे, चालवून घ्या’ असा ढिलेपणा जाणवत नाही. आपल्या फुरसुंगीच्या फेण्याचंही तेच. ‘यंग अडल्ट’ म्हणजे किशोरवयीनांसाठी असा शिक्का बसलेल्या पुस्तकांत आता विषयाचं ते बंधन उरलेलं नाही. या कादंबरीत अमली पदार्थ आहेत, पार्टीत पेयात मिसळायच्या गोळ्या आहेत, ब्लॅकमेल आहे. एवढं मोठ्यांचं जग आत घेतलंय, तर मग रचनेला सवलत कशाला मागायची?

एक गोष्ट मात्र मागे घेते. पिप माहितीच्या कायद्याखाली पोलिसांकडे अर्ज करते आणि सालच्या चौकशीची नोंद मिळवते, यावर मी ‘पोलीस असं देतात होय?’ म्हणून नाक मुरडलं होतं. तुम्ही ‘देऊ शकतात’ म्हणालात, तेव्हा मी जरा बघितलं. ब्रिटनचा हा कायदा 2000 चा. उत्तर द्यायला कामाचे 20 दिवस. तपासाची कागदपत्रं नाकारायला त्यात वाव आहे. पण व्यक्तिगत माहितीचं संरक्षण तिथे जिवंत माणसापुरतं असतं, आणि साल तर मेलाय. म्हणजे पिपचा अर्ज वाटतो तितका हवेतला नाही. माझं नाक मुरडणं आलं होतं माझ्या अनुभवातून. आपल्याकडे 2005 च्या कायद्याने 30 दिवस असतात. गटाराच्या कामाबद्दल मी एका कार्यालयात दहा रुपयांचं तिकीट लावून अर्ज टाकला होता. तिसाव्या दिवशी एका ओळीचं उत्तर आलं, ‘सदर माहिती संकलित स्वरूपात उपलब्ध नाही’. त्या ओळीचा राग मी बिचाऱ्या पिपवर काढला.

तिसरी तक्रार. ही वाचून मी गप्प झाले.

पुस्तक पुन्हा काढलं आणि स्टॅन्ली फोर्ब्स या स्थानिक पत्रकाराची मुलाखत परत वाचली. पिप बीबीसीची वार्ताहर असल्याची बतावणी करून त्याला फोन लावते. तो सालबद्दल बोलताना अगदी सहज म्हणतो की भारतीयांची राहणी वेगळी, त्यांना बायका म्हणजे मालमत्ता वाटते, तेव्हा अँडी सोडून जायला निघाली असेल आणि याने रागात मारलं असेल. तावातावाने नाही हं, हवापाण्यावर बोलावं तसं. आणि या माणसाने गावाला बातम्या सांगितल्या. हे पान मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा ‘काय मूर्ख आहे’ म्हणून पुढे गेले होते. सालचा भाऊ रवी आणि त्याचे आईवडील पाच वर्षं त्याच गावात वाळीत टाकल्यासारखे राहतात, यातही मला तेव्हा फक्त खुन्याच्या घराचं दुःख दिसलं होतं.

का दिसलं नाही, ते आता कळतं. ‘सिंग’ आडनाव वाचलं आणि मला घरचंच वाटलं. साल आणि रवी माझ्या डोळ्यांसमोर आमच्या सोसायटीतल्या पोरांसारखे उभे राहिले. रवी चांगला मुलगा आहे, पिपशी त्याचं जमावं, एवढंच मनात. तेच आडनाव लिटल किल्टनच्या रस्त्यावर कसं ऐकू येत असेल, हा विचार शिवलाच नाही. तुम्ही ते आडनाव नाही तरी त्या रंगाची कातडी घेऊन रोज तिथल्या रस्त्यावरून चालता. पिपचे सावत्र वडील व्हिक्टर मूळचे नायजेरियन, तिच्या आडनावातलं ‘अमोबी’ त्यांचं, हेही मी गंमत म्हणून वाचलं होतं. या गावात या मुलीलाच सालबद्दल शंका का यावी, याचं अर्धं उत्तर त्या आडनावात असावं.

तरीही ‘हे पुस्तक मुळात वंशद्वेषाबद्दलच आहे’ हे तुमचं वाक्य मला जड जातं. पोलिसांपुढे कबुलीचा मेसेज होता, अलिबी, म्हणजे ‘मी त्या वेळी दुसरीकडे होतो’ हा दावा, मोडलेली होती. साल गोरा असता तरी संशय त्याच्यावर गेलाच असता. गावाने एकानेही दुसऱ्यांदा विचार केला नाही, तिथे तुमचा मुद्दा लागू पडतो. लेखिकेने तो मुलाखतीत आणि काही प्रसंगांत ठेवला, कथानकाच्या कण्यात नाही. तो तिथे असता तर पुस्तक आणखी चांगलं झालं असतं. बघा, परत नावं ठेवली.

लेखात या विषयावर दोन परिच्छेद वाढवते आहे, तुमच्यामुळे असं लिहून.

तुम्ही शेवटी विचारलंय की लेकीला पुढचे भाग द्यावेत का. आधी तिला हेच पुस्तक संपवायला सांगा. खुनी माहीत आहे तर तो कुठे कुठे डोळ्यांसमोर असून लपलाय हे मोजत वाचू दे. या पुस्तकावरची सहा भागांची टीव्ही मालिका बघून आमच्याकडे आलेली पोरं असंच वाचतात आणि मजेत वाचतात. दुसरं पुस्तक द्यायला हरकत नाही. तिसरं फार काळं आहे. त्यात पिप जे करते ते वाचून मीच दोन दिवस अस्वस्थ होते, तेव्हा ते आधी तुम्ही वाचा. आणि क्रम मोडू देऊ नका. दुसऱ्याच्या सुरुवातीलाच पहिल्याचा खुनी नावानिशी सांगून टाकलाय, तोही छापील अक्षरांत. माझा खोडरबर तिथे चालत नाही.