आयुक्त व्हायचंय? ठाणे मागून घ्या

मुलाला आयपीएस करायचंय? क्लासची फी भरण्याआधी एवढं वाचा. क्लासवाले राज्यघटना घोटून घेतात. बदली झाल्यावर काय करायचं, ते कुणी शिकवत नाही.

पोस्टिंग मागायचंच तर ठाणे मागा. इथे बिल्डर उदंड, त्यामुळे खंडणीविरोधी पथकाला काम कमी पडत नाही. परमबीर सिंह इथले आयुक्त असताना, सप्टेंबर २०१७ मध्ये याच पथकाने दाऊदचा भाऊ इक्बाल कासकरला उचललं. कारकिर्दीत असं एक प्रकरण हवंच. फक्त या शहराशी संबंध गोड ठेवा. चार वर्षांनी ठाणे नगर पोलीस ठाण्यात गुन्हा दाखल झाला, तोही खंडणीचाच, आणि आरोपींत खुद्द माजी आयुक्त! (आरोप त्यांनी फेटाळले, हे सांगायला हवं.)

दुसरा धडा पत्रलेखनाचा. मुंबईच्या आयुक्तपदावर असेपर्यंत पेनाचं टोपण काढू नका. सिंह पुढे मुंबईचे आयुक्त झाले; १७ मार्च २०२१ ला त्यांची होमगार्डमध्ये बदली झाली आणि २० मार्चला मुख्यमंत्र्यांना पत्र गेलं: गृहमंत्री अनिल देशमुख दरमहा १०० कोटींची वसुली करायला सांगत होते. सदसद्विवेकबुद्धी जागी व्हायला तीन दिवस पुरतात, फक्त बदलीचा आदेश हातात पडावा लागतो. देशमुखांनी इन्कार केला, पण ५ एप्रिलला राजीनामा दिलाच. पुढे याच आरोपांची चौकशी करणाऱ्या चांदीवाल आयोगापुढे सिंहांचं प्रतिज्ञापत्र आलं: आपल्याकडे आणखी पुरावा नाही. घ्या!

तिसरा धडा अवघड, अनुभवी माणसांनीच करावा. गायब व्हा. आपण तीन हात नाक्यावर हेल्मेटशिवाय दिसलो तर चलान घरपोच येतं. इथे राज्याचे ज्येष्ठ अधिकारी कुठे आहेत हे सर्वोच्च न्यायालयाला विचारावं लागलं. नोव्हेंबर २०२१ मध्ये मुंबईच्या कोर्टाने त्यांना फरार घोषित केलं. मग अटकेपासून संरक्षण मिळालं, आणि साहेब प्रकटले.

डिसेंबरात निलंबन, जून २०२२ मध्ये निवृत्ती. मधल्या काळात सरकार बदललं. त्याचा संबंध जोडणारे लोक मुळातच संशयी. मे २०२३ मध्ये निलंबन मागे घेतलं गेलं आणि तो सगळा काळ 'कर्तव्यावर' धरला गेला. त्या आदेशाची प्रत मिळाली तर जपून ठेवा. पुढच्या बिनपगारी रजेनंतर आपल्या एचआरला दाखवा, आणि काय म्हणाले ते आम्हालाही कळवा.