पाहुणा, पझेशन आणि वीस टक्के : कोथरूडच्या काकांना उत्तर

काका, नमस्कार.

तुमची प्रतिक्रिया वाचली आणि दोन दिवस उत्तर लिहायचं टाळलं. राग आला म्हणून नाही. तुम्ही सगळ्यात शेवटी, जाता जाता जे एक वाक्य लिहिलंत त्याने झोप उडाली म्हणून. त्याच्याकडे येतेच.

बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगते. गेल्या महिन्यात मी टेक्सासमध्ये घटस्फोटानंतर मुलांचा ताबा आणि चाइल्ड सपोर्ट (मुलाच्या खर्चासाठी दुसऱ्या पालकाने दरमहा द्यायचे पैसे) कसा ठरतो यावर लिहिलं होतं. कोथरूडच्या एका आजोबांना तो लेख ‘किराणा मालाच्या यादीसारखा’ वाटला. त्यांचा मुलगा डॅलसजवळ राहतो, नातू आठ वर्षांचा. सूनबाई मुलाइतकंच कमावतात, तरी दर महिन्याला मुलाच्याच पगारातून पैसे कापले जातात आणि पोटचा पोरगा त्याला ‘पाहुण्यासारखा’ भेटतो. दर गुरुवारी संध्याकाळी बाप-लेकाला दोन तास मिळतात, तेव्हा पुण्यात शुक्रवारची पहाट असते आणि आजी-आजोबा साडेचारलाच फोन समोर ठेवून बसतात. लेखातला कमाल मर्यादेचा आकडा चुकलाय हेही त्यांनीच दाखवलं. आणि शेवटचं वाक्य असं: ‘येत्या उन्हाळ्यात मुलगा नातवाला घेऊन येईल तेव्हा परत पाठवायचंच नाही असं घरात ठरतंय, इथलं कोर्ट काय ते बघून घेईल.’

आधी चूक कबूल करते. महिन्याच्या जेवढ्या कमाईपर्यंतच चाइल्ड सपोर्टचे टक्के लावतात, ती मर्यादा मी ९,२०० डॉलर लिहिली होती. १ सप्टेंबर २०२५ पासून ती ११,७०० आहे. दर वर्षी लोकांचे टॅक्स भरणाऱ्या बाईने जुन्या टिपणावरून आकडा उतरवावा हे लाजिरवाणंच. लेखात दुरुस्ती केली आहे. मात्र तुमच्या मुलाची कोर्टाची ऑर्डर २०२३ ची आहे, त्यातली रक्कम या बदलामुळे आपोआप वाढत नाही. त्यासाठी सूनबाईंना कोर्टात जावं लागेल. परिस्थितीत मोठा फरक पडलाय असं तरी दाखवावं लागेल, नाहीतर ऑर्डरला तीन वर्षं झाली असून आजच्या हिशेबाने रक्कम वीस टक्क्यांनी किंवा शंभर डॉलरने वेगळी येते, हे तरी.

आता किराणा मालाची यादी. तुम्ही लिहिलंत, ‘पगाराचा पाचवा हिस्सा म्हणतात, प्रत्यक्षात पाव जातो.’ काका, बरोबर आहे तुमचं, आणि मूळ लेखात मी हे सांगायला हवं होतं. एका मुलासाठी वीस टक्के, दोघांसाठी पंचवीस, तिघांसाठी तीस. पण हे टक्के बँकेत जमा होणाऱ्या पगारावर लागत नाहीत. कायद्याने ठरवलेल्या ‘नेट’वर लागतात, आणि त्या नेटची वजाबाकी फार कंजूष आहे. वर्षाला दीड लाख डॉलर पगार धरा, म्हणजे महिन्याचे १२,५००. त्यातून सोशल सिक्युरिटी आणि मेडिकेअरचे साधारण ९५० गेले. एकट्या माणसाचा फेडरल टॅक्स साधारण २,१०० गेला. मुलाच्या आरोग्यविम्याचे ३०० धरू. उरले ९,१५० च्या आसपास, त्याचे वीस टक्के १,८३० डॉलर. पण तुमचा मुलगा निवृत्तीसाठी फोर-ओ-वन-केमध्ये पैसे टाकत असेल, स्वतःच्या विम्याचा हप्ता भरत असेल, पुण्याच्या फ्लॅटचं कर्ज फेडत असेल, तुम्हाला काही पाठवत असेल, तर यातलं काहीही वजा होत नाही. हातात सात-साडेसात हजार येतात आणि त्यातून १,८३० जातात. म्हणजे पावच. पैसे कंपनीच परस्पर कापते, ते राज्याच्या केंद्रामार्फत सूनबाईंच्या खात्यात पोचतात, आणि त्यांनी ते कशावर खर्च केले याचा हिशेब कोणी मागत नाही.

सूनबाईंचा पगार का धरत नाहीत? टेक्सासचा विचार असा, की मूल जिच्या घरी राहतं ती रोज खर्च करतेच आहे, तेव्हा दुसऱ्याचा वाटा तेवढा ठरवून टाकायचा. बहुतेक राज्यांत दोघांची कमाई एकत्र करून तिची वाटणी करतात. मला तीच पद्धत जास्त रास्त वाटते. पण अमेरिकेत हा विषय राज्यांचा. नवरा-बायको आणि आई-बाप-मुलं यांचे कायदे राज्यांच्याच अखत्यारीत, असं तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने १८९० मध्येच म्हणून ठेवलंय. वॉशिंग्टनच्या केंद्र सरकारने पुढे एवढीच सक्ती केली की प्रत्येक राज्याचं काहीतरी ठरलेलं सूत्र हवं. कोणतं, ते ज्याचं त्याने बघावं. त्यामुळे तुमचा मुलगा न्यू जर्सीत असता तर हेच गणित वेगळं आलं असतं.

‘पाहुणा’ या शब्दावर थोडं थांबते. टेक्सासच्या कायद्यात बापाच्या वाट्याच्या वेळेला चक्क ‘पझेशन’ म्हणतात. आपल्याकडे फ्लॅटचं पझेशन मिळतं, इथे मुलाचं. आई-बापांना म्हणतात ‘मॅनेजिंग कन्झर्व्हेटर’, जसं काही मूल वस्तुसंग्रहालयात ठेवलंय. शब्द रुक्ष आहेत, वाद नाही. पण तुमचा मुलगा कागदोपत्री पाहुणा नाही. तो जॉइंट मॅनेजिंग कन्झर्व्हेटर आहे, म्हणजे शाळा, डॉक्टर, मोठे निर्णय यांत त्याचं नाव आहे. ‘जॉइंट’चा अर्थ निम्मा वेळ असा मात्र होत नाही, आणि इथेच आपली माणसं फसतात. सही करताना ‘जॉइंट’ वाचून सुटकेचा श्वास टाकतात आणि पुढचं वेळापत्रक घरी गेल्यावर वाचतात.

ते वेळापत्रक असं: महिन्याचा पहिला, तिसरा आणि पाचवा शुक्रवार, संध्याकाळी सहा ते रविवारी सहा. शाळा चालू असताना गुरुवारी सहा ते आठ. पाचवा शुक्रवार आला की लगेच पुढच्या आठवड्यात पहिला येतो, तेव्हा सलग दोन. एरवी मधला शनिवार-रविवार कोरडा. पण काका, १ सप्टेंबर २०२१ पासून एक बदल झालाय. आई-बाप पन्नास मैलांच्या आत राहत असतील तर गुरुवारी शाळा सुटल्यापासून शुक्रवारी शाळा भरेपर्यंत, आणि शनिवार-रविवार धरून थेट सोमवारी शाळा भरेपर्यंत, असा वाढीव वेळ सहसा मिळतो. बापाने स्वतः नको म्हटलं किंवा मुलाच्या हिताचं नाही असं कोर्टाला वाटलं तर गोष्ट वेगळी. तुम्ही म्हणता दोन्ही घरांत बारा मैलांचं अंतर आहे आणि ऑर्डर २०२३ ची. मग गुरुवारची ती रात्र गेली कुठे? मुलाला जरा शांतपणे विचारा. बहुधा मिडिएशनमध्ये, म्हणजे मध्यस्थासमोरच्या बोलणीत, सुटली असणार. ऑफिसचा व्याप, सकाळी पोराला शाळेत कोण सोडणार, असं म्हणून बापच पुष्कळदा ती सोडून देतात, आणि तिथल्या तडजोडीवर रीतसर सही झाली की मागे फिरता येत नाही.

हे सहा म्हणजे सहा प्रकरण मलाही आधी अमानुष वाटायचं. एकदा ओळखीतल्या एका आईबरोबर मुलीला पोचवायला गेले होते. किराणा दुकानाचा पार्किंग लॉट, सहाला पाच कमी. बाप गाडीत बसून होता, उतरला नाही. सहा वाजले, दोन्ही दारं एकदम उघडली. मुलगी दप्तर आणि एक इस्त्रीचा परकर-पोलका घेऊन या गाडीतून त्या गाडीत गेली. दुसऱ्या दिवशी मंडळाचा गणपती होता. मोठी माणसं एक अक्षर बोलली नाहीत. बोलली असती तर काय झालं असतं ते मी त्या दोघांच्या लग्नात दहा वर्षं पाहिलंय. त्या दिवसापासून मला त्या कोरड्या वेळापत्रकाची किंमत कळली. ज्यांना एकमेकांना फोनही करवत नाही, त्यांना दर आठवड्याला घासाघीस करावी लागत नाही.

त्यात एक गोष्ट मात्र खटकते. ख्रिसमसची वाटणी अगदी २८ डिसेंबरच्या दुपारी बारापर्यंत लिहिलेली असते, थँक्सगिव्हिंग आहे, स्प्रिंग ब्रेक आहे. दिवाळी नाही. गणपती नाही. हवी असेल तर तुम्हीच मागून लिहून घ्यायची, आणि त्या वेळी वकिलांचं मीटर चालू असल्यामुळे कोणाला आठवत नाही. एका जोडप्याने लक्ष्मीपूजन आईकडे आणि पाडवा-भाऊबीज बापाकडे असं लिहून घेतलं होतं. असे शहाणे थोडे.

आणि काका, दुसरी बाजूही जरा बघा. माझ्याकडे टॅक्ससाठी येणारी एक मुलगी एच-फोर व्हिसावर, म्हणजे नवऱ्याच्या नोकरीच्या व्हिसावर अवलंबून, होती. घटस्फोटाबरोबर तिचा व्हिसा संपला. मूल अमेरिकेचं नागरिक, आणि ऑर्डरमध्ये अट की त्याचं घर याच काउंटीत (आपल्या जिल्ह्यासारखा भाग) किंवा शेजारच्या काउंट्यांत हवं. एक कायदा तिला म्हणतो जा, दुसरा म्हणतो मूल इथेच ठेव. या कायद्याखाली फक्त बाप भरडले जातात असं मी लिहू शकत नाही, तुम्ही कितीही रागावलात तरी.

आता ते शेवटचं वाक्य.

काका, हे करू नका. मुलाला करू देऊ नका.

कायद्याच्या लेखी नातवाचं घर टेक्सास आहे. मूल सहा महिने जिथे सलग राहिलं ते त्याचं राज्य, हा नियम मॅसॅच्युसेट्स सोडून सगळ्या राज्यांनी घेतलाय. पण ‘सहा महिने पुण्यात काढले की झालं’ असा त्याचा अर्थ नाही. टेक्सासच्या कोर्टाने एकदा ऑर्डर दिली आणि आई तिथेच राहते आहे, तोवर ताब्याचा निर्णय करायचा अधिकार टेक्सासकडेच राहतो. ऑर्डर मोडून मूल अडवून ठेवणं हा टेक्सासमध्ये गंभीर गुन्हा आहे, आणि १९९३ च्या फेडरल कायद्याखाली तीन वर्षांपर्यंत तुरुंगवास होऊ शकतो. म्हणजे तुमचा मुलगा परत गेला तर विमानतळावरच अडू शकतो, आणि नाही गेला तर नोकरी, घर, सगळं गेलं. चाइल्ड सपोर्टचं मीटर तेव्हाही चालूच. भेट आणि पैसा यांची तिथे सांगड घालत नाहीत. भेट मिळत नाही म्हणून पैसे थांबवता येत नाहीत, आणि पैसे थकले म्हणून भेट अडवता येत नाही.

‘इथलं कोर्ट बघून घेईल’ यावरही एवढा भरवसा ठेवू नका. मूल पळवून नेण्याबद्दलच्या १९८० च्या हेग करारावर भारताची सही नाही आणि परदेशी ऑर्डर इथे आपोआप लागू होत नाही, हे खरं. नित्या आनंद राघवन खटल्यात २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ब्रिटनमधल्या कोर्टाचा आदेश असूनही मुलगी भारतात आईकडेच ठेवली. पण यशिता साहू खटल्यात २०२० मध्ये त्याच न्यायालयाने व्हर्जिनियातल्या कोर्टाचा आदेश मानून चिमुरडीला अमेरिकेत परत न्यायला लावलं. दोन्हीकडे निकष एकच, मुलाचं हित. तुमच्या नातवाच्या बाबतीत सूनबाई मुंबईला उच्च न्यायालयात हेबियस कॉर्पस, म्हणजे मुलाला कोर्टापुढे हजर करा असा अर्ज, लावणार, आणि न्यायाधीश आठ वर्षांच्या पोराला विचारणार, शाळा कुठली, मित्र कोण, झोपतोस कुणाजवळ. त्याची उत्तरं डॅलसची असतील.

शिवाय एकाने मूल अडवलं की झळ बाकीच्यांना बसते. परदेशी प्रवासाची परवानगी देताना टेक्सासचं कोर्ट तो देश हेग करारात आहे का हेही बघतं. भारत नाही म्हटलं की पासपोर्ट जमा करा, बाँड भरा, अशा अटी येऊ शकतात. पुढच्या वेळी आजी-आजोबांना नातवंडं दाखवायला निघालेल्या दुसऱ्याच कुणाची तिकिटं त्यात अडकतात.

आजोबा म्हणून तुम्हाला स्वतंत्र हक्क आहे का, असं तुम्ही विचारलंत. व्यवहारात नाही. २००० साली ट्रॉक्सेल खटल्यात अमेरिकी सर्वोच्च न्यायालयाने आई-बापाच्या शब्दाला आजी-आजोबांच्या वर ठेवलं, आणि टेक्सासचा कायदा त्याहून कडक आहे. मुलगा हयात आहे, त्याला स्वतःचा वेळ मिळतो आहे, तोवर त्याचा वेळ हाच तुमचा वेळ. मात्र यशिता साहू निकालातच एक गोष्ट आहे. ज्याच्याकडे ताबा नाही त्या पालकाला रोज पाच-दहा मिनिटं मुलाशी बोलता यावं, असं त्यात म्हटलंय. टेक्सासवर ते बंधनकारक नाही, पण रोज ठरावीक वेळी व्हिडिओ कॉल अशी मागणी मुलाला तिथल्या कोर्टातही करता येते. सूनबाईंशी अजून बोलणं होत असेल तर कोर्टाशिवायही.

आणि उन्हाळ्याचं असं आहे. शंभर मैलांच्या आत राहणाऱ्या बापाला सुट्टीत तीस दिवस मिळतात. कोणते, हे त्याने १ एप्रिलच्या आत सूनबाईंना लेखी कळवायचं. कळवलं नाही तर १ ते ३१ जुलै हे ठरलेलेच. नातवाचा पासपोर्ट आजच बघून ठेवा. सोळाच्या आतल्या मुलांना तो पाच वर्षांचाच मिळतो आणि नवा काढायला आईची संमती लागते. टेक्सासच्या शाळा मेअखेरीस सुटतात. जूनच्या पहिल्या आठवड्यात मंडईत हापूस असतो, जुलैत नसतो.