पुन्हा एकदा बटणांची ओळख परेड

सिडकोतल्या आमच्या घरी दर सुट्टीत भाचरे जमतात आणि मला टीव्हीखालच्या रास्पबेरी पाय या चिमुकल्या संगणकावर ‘कॉन्ट्रा’ हा जुना व्हिडिओ गेम लावून देण्याची गळ घालतात. मीही दरवेळी, मागचा अनुभव विसरून, पाच मिनिटांत लावतो असे सांगून बसतो. २०१९ मध्ये आलेल्या कोडी या चित्रपट-गाणी लावायच्या सॉफ्टवेअरच्या अठराव्या आवृत्तीपासून चित्रपट आणि गाण्यांच्या शेजारीच जुने खेळही चालवण्याची सोय झाली, हे ऐकायला फार गोड वाटते. प्रत्यक्षात मात्र मागच्या खेपेला तासभर खपून नीट लावलेला ब्लूटूथ कंट्रोलर पुढच्या अपडेटनंतर मला ओळखही दाखवत नाही, आणि ओळख दाखवलीच तर उडी मारायच्या बटणावर गोळी सुटते, कारण निन्टेन्डोच्या कंट्रोलरवर उजवीकडे असणारे ‘ए’ एक्सबॉक्सच्या कंट्रोलरवर खाली असते. मग पुन्हा एकेक बटण दाबून त्याची नोंद करा!

नाणे टाकून खेळायच्या आर्केड यंत्रांवरच्या खेळांची तऱ्हा तर याहून न्यारी, कारण रॉमचा (खेळाच्या फाइलींचा) संच एम्युलेटरच्या, म्हणजे जुन्या यंत्राची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅमच्या, नेमक्या आवृत्तीशी जुळला नाही, तर काल चालणारा खेळ आज काळ्या पडद्यावर थिजतो. लहानपणी व्हिडिओ गेमचे काडतूस, म्हणजे कॅसेट, अडले की फुंकर मारायचो (तिने खरोखर काही होत असे, असा माझा दावा नाही) आणि खेळ सुरू व्हायचा. आता फुंकर मारायची तरी कुठे? या दिवाळीत सारे जुळेपर्यंत भाचरांनी डबाभर चिवडा संपवला होता आणि ती मोबाइल घेऊन गच्चीवर निघून गेली होती.