पाणी तोडल्याशिवाय फुलणार नाही

महामार्गाच्या दुभाजकावरची बोगनवेल दिसली की माझं डोकं फिरतं. खाली मूठभर माती आणि डबर, वर मे महिन्याचं ऊन, दोन्ही बाजूंनी ट्रकचा धूर, आणि बाईसाहेब राणी रंगात न्हालेल्या! इकडे माझ्या गच्चीवर गांडूळखत, दोन वेळचं पाणी, वर चार गोड शब्द. आणि कुंडीत नुसता पाला. शेळी पाळली असती तर निदान दूध तरी मिळालं असतं.

रोगाचं नाव आहे लाड. ही वेल मूळची दक्षिण अमेरिकेची. कोरड्या दिवसांत फुलायची तिची जुनी खोड. रोज पाणी मिळालं की तिला वाटतं, दिवस बरे चाललेत, पानं वाढवू. त्यात कुणी युरिया टाकला की संपलंच! संत्र्याच्या बागेत बहार धरायला ताण देतात ना, म्हणजे काही दिवस पाणी तोडतात, तोच हिलाही द्यावा लागतो.

ऑक्टोबरात पाऊस सरला की वेल एक तृतीयांश छाटायची, कारण फुलं नव्या फुटीवर येतात. काटे आकड्यासारखे असतात. जाड हातमोजे घाला आणि आवडता शर्ट घालू नका. नवी फूट चार-पाच इंच वाढली की शेंडे खुडायचे, मग पाणी बंद. पानांनी माना टाकल्या की तांब्याभर पाणी, पुन्हा बंद. असं दोन-तीन आठवडे. पानांच्या बेचक्यात रंगीत ठिपके दिसले की मात्र पाणी नीट सुरू करायचं. तेव्हाही हट्टाने ताण चालू ठेवला, तर रंग धरायच्या आतच सगळं गळून पडतं.

यात खरा अडथळा वेलीचा नसून माणसांचा असतो. माना टाकलेली वेल बघून घरातलं कुणीतरी कनवाळू माणूस तांदूळ धुतलेलं पाणी गुपचूप ओततं. तुमची पंधरा दिवसांची तपश्चर्या एका पातेल्यात बुडते.

कुंडी बारा इंची पुरे. मुळं जरा दाटीत असली की वेल फुलायचं मनावर घेते. दोन भाग माती, एक भाग वाळू, एक भाग कुजलेलं शेणखत. कुंडी बदलताना मातीचा गोळा फोडू नका, मुळं फार नाजूक असतात. खाली ताटली नको. पाणी साचून मुळं कुजतात. अंगणात कुंडी थेट मातीवर ठेवू नका, विटांवर ठेवा. नाहीतर भोकातून मूळ जमिनीत उतरतं, आणि तुम्ही वर पाणी तोडून बसलेले असताना ती खालून मजेत पीत असते. सहा तास ऊन हवंच. सावलीतल्या गॅलरीत हा सगळा छळ वाया जातो.

एवढं करून जे फुलतं, ते फूल नसतंच. रंगीत असतात ती छदे, म्हणजे पानांचीच रूपं. खरं फूल म्हणजे मधली ती इवलीशी पांढरट नळी, जिच्याकडे कुणी बघतसुद्धा नाही.

वारा सुटला की ही छदे शेजारच्या गच्चीत जातात. रोज सुपलीभर. दिसायला कागद, असायला पाला. ती ओल्या कचऱ्यात टाकायची की सुक्या, यावरून आमच्या सोसायटीत अजून एकमत झालेलं नाही.