डोकं हलकं करून मिळेल

बँकेनं मला माझाच आवडता पदार्थ विचारला आणि माझं उत्तर चूक ठरवलं. शेंगाचटणी! सोलापुरात जन्मलेला माणूस दुसरं काय सांगणार? पण कधीकाळी ती मी इंग्रजीत कुठल्या स्पेलिंगनं लिहिली होती, ते फक्त कॉम्प्युटरला ठाऊक, आणि तो सांगत नाही. खातं लॉक. "विसरलात का, काका?" काउंटरवरची मुलगी इतक्या मोठ्यानं म्हणाली की पासबुक छापणारेही वळून बघायला लागले.

विसरतोय कशाला? चटणी तीच आहे, अजूनही आवडते.

"मेमरी फुल्ल झालीय की वो मालक तुमची," मागच्या बाकावरून आवाज आला.

पांढरी टोपी, मांडीवर रिकामी पिशवी. आयुष्य चादरीच्या मागावर गेलेलं. वॉचमनसकट सगळे त्यांना अण्णा म्हणत होते.

"चादरीवर मोर कसा येतोय, ठावं हाय?"

"नाही."

"मागाला मोर ठावं नसतोय. वर जकार्ड असतंय, त्यात भोकं पाडलेली पुठ्ठ्याची कार्डं. भोक असंल तिथं दोरा वर, नसंल तिथं खाली. म्हणजे मोर कुठं ऱ्हातोय? भोकात! डोक्याचं तसंच. आठवण म्हणजे भोक. तुमच्या कार्डात पुठ्ठाच उरला नाही, नुसती भोकं. आता मोर कुठनं येणार?"

रांग हसली. मी नाही.

"ह्याचं शास्त्र निघणाराय," अण्णा रंगात आले. "२०७५ साली. सात रस्त्याला दवाखाना, बाहेर पाटी, 'डोकं हलकं करून मिळेल'. कुणी लग्नात किती आहेर केला, ते आधी उपटायचं. निम्मी भावकी तिथंच मोकळी. मेव्हण्यानं केलेला अपमान काढायचा असंल तर भूल द्यावी लागंल, मूळ खोल असतंय. पण नळाला पाणी कुठल्या दिवशी येतंय, ते काढायचं नाही. सरकारी बंदी!"

"आणि काढलेलं टाकणार कुठं?" मी उगाच विचारलं.

"तुळजापूर रोडला कचरा डेपो हाय की. फक्त आग लागू द्यायची नाही. धूर आला की सगळ्या गावाला दुसऱ्याचेच मेव्हणे आठवायचे."

खरं सांगायचं तर शास्त्र थोडं आधीच निघालंय. जॉर्ज मिलर नावाच्या अमेरिकन मानसशास्त्रज्ञानं १९५६ साली सांगितलं, की माणूस एका वेळी साधारण सात गोष्टी डोक्यात धरतो, दोन इकडे, दोन तिकडे. २००१ मध्ये नेल्सन कोवाननं त्या चारावर आणल्या. बँकेपर्यंत ही बातमी पोचलेली दिसत नाही. ओटीपी ६ आकडी, मोबाईल १०, आयएफएससी ११, आधार १२. शिवाय पासवर्ड. त्याच्याही आधी एबिंगहाउस नावाच्या जर्मन गृहस्थानं निरर्थक अक्षरं पाठ करून आपण ती किती वेगानं विसरतो, ते मोजलं आणि १८८५ साली छापलं. पण तो हे स्वखुशीनं करत होता. माझ्याकडून एक मोठं अक्षर, एक आकडा आणि एक चिन्ह असली निरर्थक अक्षरं सक्तीनं पाठ करून घेतात. वर जुना पासवर्ड परत चालत नाही. म्हणजे विसरलेलेही लक्षात ठेवायचे!

चेहरा समोर, आधार हातात, सही तीच. पूर्वी याच शाखेतला शिपाई मला आडनावानं हाक मारायचा. आता माझ्यापेक्षा माझ्या चटणीची साक्ष मोठी. मी तक्रारवही मागितली. मुलगी म्हणाली, "तक्रार ॲपवरून करायची, काका. लॉगिन करून."

टोकनचे आकडे सरकत होते आणि अण्णा जागचे हलत नव्हते. "तुमचं काय काम आहे?" मी विचारलं.

"माझं खातंच नाही हितं. बाहेर ऊन बघा की. घरात पंखा गरम वारं मारतोय, हितला एसी झ्याक हाय."

तेवढ्यात जेवणाची सुट्टी झाली. काउंटरवर पाटी ठेवून ती मुलगी डबा घेऊन बाहेर आली आणि आमच्यासमोर थांबली. मला वाटलं, माझ्यासाठीच थांबली.

"अण्णा, आज चहा घेतला नाही तुम्ही," ती म्हणाली. "सांगते हं लगेच. बिनसाखरेचा, आलं घालून, ना?"