दुर्गा खोटे ‘पहिल्या’ नव्हत्या

वर्षातून दोनदा एक मजकूर हमखास येतो. एकदा संक्रांतीला, तिळगुळाच्या शुभेच्छांच्या गर्दीत, कारण १४ जानेवारी १९०५ हा दुर्गा खोटे यांचा जन्मदिवस. दुसऱ्यांदा २२ सप्टेंबरच्या आगेमागे, कारण १९९१ साली त्या तारखेला त्या गेल्या. शब्द थोडेफार इकडेतिकडे होतात, गोषवारा मात्र ठरलेला: दुर्गाबाई भारतीय सिनेमातल्या पहिल्या अभिनेत्री, त्यांच्याआधी बायकांची कामं पुरुषच करायचे, चांगल्या घरातली एकही स्त्री तोवर पडद्यावर आली नव्हती, पोटासाठी नाइलाजाने त्यांनी हा मार्ग धरला, जन्मभर सोशिक आई रंगवली, सिनेमा मिळाल्यावर नाटकाकडे पाठ फिरवली, आणि उतारवयात विस्मृतीत गेल्या, तेव्हा सरकारला फाळके पुरस्कार सुचला. खाली जोडलेले हात आणि ‘पुढे पाठवा’.

लिहिणाऱ्याच्या मनात आदरच असणार. पण या आदरापोटी एका कर्तबगार बाईची बिचारी करून टाकली आहे आणि तिच्याआधीच्या डझनभर बायका पुसून टाकल्या आहेत. म्हणून एकेक मुद्दा घेऊ.

‘भारतीय सिनेमातल्या पहिल्या अभिनेत्री’

हे सरळ चूक आहे, आणि थोडीथोडकी नाही, अठरा वर्षांची चूक आहे.

दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये लागला. तारामतीच्या कामासाठी फाळक्यांनी बायका शोधल्या, कुणी तयार होईना. शेवटी ग्रँट रोडच्या एका हॉटेलात स्वयंपाक करणाऱ्या अण्णा साळुंके यांना त्यांनी साडी नेसवली. ‘पुरुषच करायचे’ हा भाग इथवर खरा. पण फॉरवर्ड लिहिणारा इथून थेट १९३१वर उडी मारतो, आणि सगळी गंमत मधल्या काळात आहे.

फाळक्यांच्या पुढच्याच चित्रपटात, ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये, दोन स्त्रिया होत्या. पार्वती झाल्या होत्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी झाली होती त्यांची मुलगी कमला, वय जेमतेम तेरा. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या, पदरात मुलगी, फिरत्या नाटक कंपनीत काम करून पोट भरणाऱ्या. ही कमला म्हणजेच पुढच्या कमलाबाई गोखले. त्यांचं लग्न झालं रघुनाथराव गोखल्यांशी, आणि रघुनाथराव एके काळी किर्लोस्कर मंडळीत स्त्रीभूमिका करत. म्हणजे ज्या घरात नवऱ्याने लुगडं नेसून टाळ्या घेतल्या, त्याच घरात बायको स्वतःच्या अंगाने स्त्री म्हणून रंगमंचावर उभी राहिली. मराठी रंगभूमी कुठल्या वळणावर होती हे सांगायला याहून वेगळं उदाहरण शोधावं लागत नाही. कमलाबाई तरुणपणीच विधवा झाल्या, नाटकांतून कामं करून त्यांनी मुलं वाढवली. चंद्रकांत गोखले हे त्यांचे चिरंजीव, विक्रम गोखले नातू. चार पिढ्या अभिनयात घालवलेल्या या घराला एका ओळीच्या मजकुराने बाद करून टाकावं, हे मला जरा जास्तच झालं असं वाटतं.

घोटाळा कशावरून झाला असेल याचा एक अंदाज आहे. पहिल्या अभिनेत्रीचं नाव ‘दुर्गाबाई’ हे कुणीतरी बरोबर ऐकलं असावं. कामत हे आडनाव विसरलं आणि ओळखीचं खोटे चिकटलं. अंदाजच आहे, पण मला तरी पटतो.

पुढे मूकपटांचा काळ तर अभिनेत्रींनी भरलेला आहे. १९१९च्या ‘कालिया मर्दन’मध्ये फाळक्यांची लहानगी मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली. पेशन्स कूपर, गोहर, सुलोचना म्हणजे रूबी मायर्स, झुबेदा या तर तिकीटबारीवर गर्दी खेचणाऱ्या तारका. रूबी मायर्स आधी टेलिफोन ऑपरेटर होत्या. फातमा बेगम यांनी १९२६मध्ये चित्रपट दिग्दर्शितही केला. ललिता पवार मूकपटांपासूनच्या. आणि १४ मार्च १९३१ला गिरगावच्याच मॅजेस्टिकमध्ये ‘आलम आरा’ लागला, पहिला बोलपट, तेव्हा त्याची नायिका झुबेदा होती. दुर्गा खोट्यांचं पडद्यावरचं पहिलं काम, दिग्दर्शक मोहन भवनानींच्या ‘फरेबी जाल’मधलं, त्याच वर्षातलं.

‘चांगल्या घरातली एकही स्त्री आली नव्हती’

हा दावा थोडा सावधपणे हाताळायला हवा, कारण त्यात तथ्य आहे. दुर्गाबाई मूळच्या लाड. वडील सॉलिसिटर, शाळा कॅथीड्रल, कॉलेज सेंट झेवियर्स, सासर सधन खोट्यांचं. अशा घरातली सून १९३१ साली सिनेमात दिसली म्हणजे मुंबईच्या पांढरपेशा समाजात काय गहजब झाला असेल, ते समजू शकतं. त्यांच्यामुळे अनेक घरांची दारं किलकिली झाली, हे कुणी नाकारत नाही.

पण ‘एकही’ हा शब्द टिकत नाही. एनाक्षी रामा राव १९२८च्या ‘शिराज’मध्ये होत्या. भवनानींनीच ‘मृच्छकटिक’वर मूकपट काढला, त्यात एनाक्षींबरोबर कमलादेवी चट्टोपाध्याय होत्या, त्याच कमलादेवी ज्यांनी पुढे देशातल्या हस्तकलांना उभारी दिली. शिकलेल्या, नावाजलेल्या घरांतल्या बायकांना पडद्यावर आणायचं, हे भवनानींचं आधीपासून चाललं होतं. ‘फरेबी जाल’ त्याच ओळीतला.

आणि खरं सांगायचं तर मला या दाव्याचा तपशील कमी आणि सूर जास्त खटकतो. दुर्गाबाई कामत, रूबी मायर्स, गोहर यांची घरं मग कसली होती? फिरत्या कंपनीबरोबर गावोगाव हिंडून मुलगी वाढवणं हे कमी दर्जाचं आणि सॉलिसिटरच्या मुलीने तेच केलं की क्रांती, हा हिशेब १९३१ सालच्या लोकांनी केला तो त्यांच्याजवळ. तोच आपण आज हात जोडून पुढे पाठवतो आहोत.

‘नाइलाजाने, पोटासाठी’

घरची आर्थिक घडी विसकटली होती आणि पैशाची गरज होती, हे खरं. पण गरजेने फार तर पहिला चित्रपट समजतो. त्यापुढची पन्नास वर्षं समजत नाहीत.

‘फरेबी जाल’मधलं काम छोटंसं होतं आणि त्या चित्रपटाने काही नाव झालं नाही. नाइलाजाने आलेली बाई तिथून घरी परत गेली असती तर कुणी दोष दिला नसता. दुर्गाबाई कोल्हापूरला गेल्या. ‘प्रभात’चा पहिला बोलपट, शांतारामबापूंचं दिग्दर्शन, ‘अयोध्येचा राजा’, साल १९३२. हरिश्चंद्र गोविंदराव टेंबे आणि तारामती दुर्गा खोटे. चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत केला. पार्श्वगायनाची सोय तेव्हा नव्हती, ती आली १९३५च्या सुमारास. म्हणजे कॅमेऱ्यासमोर उभं राहून स्वतःच गायचं, वादक चौकटीच्या बाहेर बसलेले, माइक वर कुठेतरी लपवलेला. सूर हलला किंवा पाऊल चुकलं की पुन्हा पहिल्यापासून. एका भाषेत जमलं की तेच दुसऱ्या भाषेत. आणि समोर कोण, तर संगीत रंगभूमीवर मुरलेले, स्वतः चित्रपटाचं संगीत देणारे टेंबे. सव्विसाव्या-सत्ताविसाव्या वर्षी, रंगभूमीची तालीम न झालेल्या बाईने हे निभावलं.

पण मला त्याहून मोठा वाटतो तो त्यांचा व्यवहार. तेव्हाची पद्धत अशी की नट-नट्या स्टुडिओच्या पगारी नोकर असत. महिन्याच्या महिन्याला पगार, कंपनी सांगेल तो चित्रपट, दुसऱ्या कंपनीत काम करायची सोय नाही. दुर्गाबाईंनी हे बांधून घेणं मान्य केलं नाही. १९३३मध्ये त्या कलकत्त्याला न्यू थिएटर्सच्या ‘राजरानी मीरा’त होत्या. १९३४मध्ये कलकत्त्यातच, पण ईस्ट इंडिया फिल्म कंपनीकडे, देवकी बोस यांच्या ‘सीता’त, आणि हा चित्रपट व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला गेला. १९३६मध्ये पुन्हा ‘प्रभात’, जे तोवर कोल्हापूरहून पुण्याला आलं होतं. आज याला फ्रीलान्सिंग म्हणतात आणि त्यात कुणाला विशेष वाटत नाही. त्या काळात असं करणाऱ्या पहिल्या मोजक्या कलावंतांत त्यांचं नाव घ्यावं लागतं. इथे ‘पहिल्या’ म्हणायला थोडी तरी जागा आहे, पण फॉरवर्डमध्ये नेमकं हेच नसतं. १९३७मध्ये त्यांनी ‘साथी’ची निर्मितीही केली. पैसे घालणारी बाई ‘नाइलाजाने’ या शब्दात कशी बसवायची?

‘जन्मभर सोशिक आई’

हे त्यांनाच वाटू शकतं ज्यांनी त्यांना ‘मुग़ल-ए-आज़म’पासून पुढे पाहिलं. जोधाबाईची प्रतिमा इतकी ठसली की आधीची तीस वर्षं तिच्या पदराआड गेली.

१९३२चाच ‘माया मच्छिंद्र’ घ्या. स्त्रीराज्याची राणी, आणि तिच्या पायाशी चित्ता. खेळण्यातला नव्हे, जिवंत. १९३६च्या ‘अमरज्योती’त त्या सौदामिनी आहेत. कायदा मुलाचा ताबा तिला देत नाही, म्हणून ती समुद्रावर जाऊन चाचेगिरी करते आणि राज्याशी वैर धरते. आई आहे, पण सोशिकपणाचा मागमूस नाही. १९४२च्या ‘भरत मिलाप’मध्ये त्या कैकेयी होत्या, तीही आईच. कुठल्या जातीची आई, ते रामायण माहीत असलेल्याला सांगायला नको.

उत्तरार्धात आई, सासू, आजी अशी कामं वाढली हे खरं. ‘बावर्ची’, ‘अभिमान’, ‘बॉबी’ आठवून पाहा, ‘बिदाई’साठी तर फिल्मफेअर मिळालं. पण वय वाढलेल्या नटीला आपला सिनेमा दुसरं देतो काय, हा प्रश्न सिनेमावाल्यांना विचारायचा. उत्तराचा दोष तिच्या माथी मारायचा नाही.

‘नाटकाकडे पाठ फिरवली’

सगळ्यांत चुकीचा दावा हा. क्रम तर उलटाच आहे. नाटकातून सिनेमात जाणारे पुष्कळ, दुर्गाबाई सिनेमात नाव झाल्यावर रंगभूमीवर रमल्या. मुंबई मराठी साहित्य संघाच्या नाटकांतून त्यांनी सातत्याने कामं केली. खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’त त्या आनंदीबाई होत्या, ‘ध’चा ‘मा’ करणारी म्हणून जिचं नाव महाराष्ट्रात घराघरात ठाऊक आहे ती. १९५४मध्ये वि. वा. शिरवाडकरांनी शेक्सपिअरचं ‘मॅकबेथ’ मराठीत ‘राजमुकुट’ म्हणून आणलं, त्यात नानासाहेब फाटक आणि दुर्गा खोटे ही जोडी होती. लेडी मॅकबेथ काय, आनंदीबाई काय, नवऱ्याच्या मनातली महत्त्वाकांक्षा ओळखून त्याला रक्तापर्यंत ढकलणाऱ्या दोघी. एक पुण्याची, एक स्कॉटलंडची, आणि दोन्ही एकाच नटीने पेलल्या. नानासाहेबांच्या आवाजापुढे भलेभले झाकोळून जात, तिथे समोरच्या बाईचा आवाज बारीक असून चालणारच नव्हतं.

पुरस्कारांच्या तारखा पाहिल्या तरी हा मुद्दा मिटतो. संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार त्यांना १९५८मध्ये मिळाला, आणि तो मराठी रंगभूमीवरच्या अभिनयासाठी. पद्मश्री १९६८मध्ये, फाळके पुरस्कार १९८३मध्ये. म्हणजे राष्ट्रीय मानसन्मानांत नाटकाचा मान सिनेमाच्या आधी आला.

‘उतारवयात विस्मृतीत’

१९८०च्या ‘कर्ज़’मध्येही त्या आहेत, तेव्हा वय पंचाहत्तर. पण पडद्यावरचं सोडा. फॅक्ट फिल्म्स आणि नंतर दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स या त्यांच्या संस्थांनी तीसेक वर्षं लघुपट, माहितीपट आणि जाहिरातपट केले. अभिनेत्री म्हणून आलेली कीर्ती फ्रेम करून भिंतीला लावण्याऐवजी तिच्यावर धंदा उभा केला. १९८८मध्ये दूरदर्शनवर ‘वागळे की दुनिया’ सुरू झाली, आर. के. लक्ष्मण यांचा सामान्य माणूस, कुंदन शाह यांचं दिग्दर्शन, अंजन श्रीवास्तव आणि भारती आचरेकर. त्या मालिकेची निर्मिती दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सची. तेव्हा दुर्गाबाई त्र्याऐंशी वर्षांच्या होत्या. आपल्यातले कित्येक जण दर आठवड्याला हे नाव वाचूनही वाचत नव्हते, एवढंच.

जाता जाता नात्यांचा गोंधळ. काही आवृत्त्यांत शुभा खोटे यांना दुर्गाबाईंची मुलगी केलेलं असतं. दुर्गाबाईंना मुलगे दोन, बकुळ आणि हरिन. हरिन यांच्या पत्नी म्हणजे विजया जयवंत, ज्यांना आपण नंतरच्या विजया मेहता म्हणून ओळखतो. शुभा आणि विजू ही दुर्गाबाईंचे दीर नंदू खोटे यांची मुलं, आणि नंदू स्वतः रंगभूमीवर आणि मूकपटांत काम केलेले. तेव्हा ‘शोले’तला कालिया, म्हणजे विजू, हा दुर्गाबाईंचा पुतण्या, मुलगा नव्हे.