‘कालमुख’ खेळावरील आपल्या अभिप्रायास उत्तर

सप्रेम नमस्कार,

ज्वालामुखी पर्वताच्या पायथ्यापासून विवरापर्यंत खेळल्या जाणाऱ्या आमच्या ‘कालमुख’ या बोर्ड गेमला आपण पाचपैकी दोन तारे दिलेत आणि त्यामागची कारणेही सविस्तर लिहिलीत, याबद्दल आभार. नुसते ‘पैसे वाया गेले’ एवढेच लिहून मोकळे होणाऱ्यांना काय उत्तर द्यावे ते कळत नाही. आपल्याला मात्र मुद्द्याला धरून उत्तर देता येते. संचातील वाळूच्या दोन घड्याळांपैकी एक सदोष आहे, उंचावर काळ मंदावतो ही कल्पना विज्ञानाच्या नेमकी उलट आहे, ‘म्हातारे रोप’ हा पत्ता म्हणजे शुद्ध थाप आहे आणि विवरापाशी पोहोचलेल्या खेळाडूला ताटकळत बसावे लागते, असे आपले म्हणणे आहे. ज्वालामुखीचा आणि काळाचा काडीचाही संबंध नसताना हा एवढा डोलारा कशासाठी, असेही आपण विचारले आहे.

घड्याळांपासून सुरुवात करतो, कारण तो आक्षेप मालाच्या दर्जाबद्दल आहे आणि त्यावरून इतर ग्राहकांचाही गैरसमज होऊ शकतो. दोन्ही घड्याळे सारखी नाहीत, आणि ती सारखी असती तर खेळच उरला नसता. पांढऱ्या कड्याचे घड्याळ पायथ्याचे आहे, तांबड्या कड्याचे विवराचे. वाळू दोन्हींत तेवढीच आहे, पण तांबड्याची मान अरुंद ठेवली आहे. भांड्यातले पाणी उतरत जाते तशी त्याची धार मंदावते. वाळूचे तसे होत नाही. वर कितीही वाळू शिल्लक असो, ती जवळजवळ एकाच गतीने पडत राहते आणि ती गती मुख्यतः भोकाच्या व्यासावर ठरते. व्यास थोडासा कमी केला तरी प्रवाह त्या मानाने पुष्कळच अधिक घटतो. म्हणूनच पांढरे घड्याळ तीनदा रिकामे होते तेव्हा कुठे तांबडे एकदा रिकामे होते. नियमपुस्तिकेत हे चित्रासह दिलेले आहे.

या तिपटीवरच सारा खेळ उभा आहे. पायथ्याशी असलेल्या खेळाडूंच्या तीन खेळ्या होतात तेवढ्यात विवरापाशी असलेल्याची एकच होते, परंतु शिधाही त्याचा एकाच खेळीपुरता खर्च होतो. वर राहणारा मागे पडतो, पण टिकतो. खाली राहणारा पुढे जातो, पण त्याची पोतडी लवकर रिकामी होते.

विज्ञानाचे म्हणाल, तर आपले विधान बरोबर आहे आणि त्याबद्दल आमचा वादच नाही. गुरुत्वाकर्षण जिथे अधिक तीव्र तिथे काळ सावकाश चालतो, त्यामुळे डोंगरमाथ्यावरचे घड्याळ पायथ्याच्या घड्याळापेक्षा किंचित जलदच चालते. टोकियोच्या स्कायट्री मनोऱ्यात तळाशी आणि ४५० मीटर उंचीवर अतिअचूक घड्याळे ठेवून जपानी शास्त्रज्ञांनी केलेल्या आणि २०२० साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगात वरचे घड्याळ दिवसाला सुमारे ४ नॅनोसेकंदांनी पुढे जाताना आढळले. आमचा काल्पनिक पर्वत ३,००० मीटर उंच आहे. त्याच्या माथ्यावर खऱ्या भौतिकशास्त्राने वर्षाकाठी साधारण १० मायक्रोसेकंदांची भर पडेल, आणि तेवढ्या भांडवलावर कोणतीही सोंगटी पटावर एक घरही सरकणार नाही. म्हणून आम्ही फरक अवाढव्य केला आणि दिशाही मुद्दाम उलटी ठेवली. ‘या पर्वताचा काळ आम्ही रचलेला आहे’ असे नियमपुस्तिकेच्या पहिल्या पानावर ठळक अक्षरांत छापलेले आहे. या एका मोकळिकीपलीकडे काळाविषयी आम्ही मनचे काहीही घातलेले नाही.

‘म्हातारे रोप’ तर अजिबात थाप नाही. वनस्पती हवेतला कार्बन घेतात आणि त्यातील कार्बन-१४ हा हळूहळू क्षय पावणारा किरणोत्सारी कार्बन किती उरला आहे, यावरून लाकडाचे वय काढतात. त्याचा अर्धायुष्यकाल, म्हणजे तो निम्मा उरायला लागणारा काळ, सुमारे ५,७३० वर्षांचा आहे. ज्वालामुखीतून बाहेर पडणाऱ्या कार्बन डायऑक्साइडमध्ये मात्र कार्बन-१४ जवळजवळ नसतोच, कारण तो कार्बन युगानुयुगे भूगर्भात राहिलेला असतो. अशा वायूत वाढलेले रोप जन्मतःच ‘जुने’ ठरते. कालपरवा उगवलेले असले तरी प्रयोगशाळेत त्याचे वय शेकडो वर्षे निघू शकते. सँटोरिनी बेटावरील प्राचीन उद्रेकाच्या कालनिश्चितीवर विद्वानांत जो दीर्घ वाद चालू आहे, त्यातही ही शंका उपस्थित झालेली आहे.

पटावरील ‘शून्य’ या घराचा आपण उल्लेख केलेला नाही, पण मला स्वतःला तेच सर्वांत आवडते. खडक वितळलेला असताना त्यात साठलेला आरगॉन वायू निसटून जातो आणि लाव्हा थिजल्यावर खडकातल्या किरणोत्सारी पोटॅशियमचा क्षय होऊन तो पुन्हा साचू लागतो. त्याच्या प्रमाणावरून भूवैज्ञानिक लाव्हाचे वय काढतात. म्हणजे उद्रेकाबरोबर खडकाचे घड्याळ बहुतांशी शून्यावर येते. म्हणूनच त्या घरावर सोंगटी आली की खेळाडूची साचलेली सर्व वर्षे पुसली जातात. ‘हरवलेला उन्हाळा’ या पत्त्यामागे इंडोनेशियातील तांबोरा ज्वालामुखीचा एप्रिल १८१५ मधील महाउद्रेक आहे, ज्याच्यानंतर १८१६ मध्ये युरोपात आणि उत्तर अमेरिकेच्या ईशान्य भागात उन्हाळा नावापुरताच उरला आणि पिके बुडाली. ज्वालामुखीचा काळाशी काडीचाही संबंध नाही, हे आपले विधान म्हणूनच मला मान्य करता येत नाही.

उरला ताटकळण्याचा मुद्दा. तो आवडीनिवडीचा आहे, तिथे मी हुज्जत घालणार नाही. माझे मत एवढेच की विवरापाशी बसलेल्याने पायथ्यावरच्यांच्या हालचालींवर डोळा ठेवून पुढची खेळी आखावी, ही खेळाची अपेक्षाच आहे. तरीही ज्यांना ते कंटाळवाणे वाटते त्यांच्यासाठी नियमपुस्तिकेच्या शेवटी ‘लघु खेळ’ दिला आहे. त्यात विवरापाशी सलग दोनपेक्षा अधिक खेळ्या थांबता येत नाही.

आता एक विनंती. दोन्ही घड्याळे एकाच वेळी उलटी करून पाहावीत. पांढरे तिसऱ्यांदा रिकामे होण्याच्या सुमारास तांबडेही रिकामे झाले, तर आपला संच ठीक आहे. तांबड्यातली वाळू मधेच अडकत असेल, तर मात्र तो खरोखर दोष समजावा. खरेदीची पावती जोडून आम्हाला कळवावे, नवे घड्याळ आमच्या खर्चाने पाठवू.

आपला,
‘कालमुख’चा निर्माता